डोमाभाऊंची हुंकारी

डोमाभाऊ रेडिओशी बोलत असत, असं मी सांगितलं की शहरातले लोक हसतात. भोळा असेल बिचारा, असा चेहरा करतात. म्हणून आधीच सांगून टाकतो, डोमाभाऊ भोळे नव्हते. मासळीच्या बाजारात त्यांना फसवू शकलेला माणूस मी पाहिला नाही, त्यांनी फसवलेले मात्र दोन-तीन पाहिले आहेत. डब्यात माणूस बसलेला नसतो, तो तिकडे नागपुरात बोलतो आणि आपलं त्याला काहीएक ऐकू जात नाही, हे त्यांना माझ्याइतकंच कळत होतं. तरी ते बोलत. त्याला कारण होतं.

आमच्या झाडीमुलखात कोणी गोष्ट सांगायला बसला की ऐकणाऱ्यांपैकी एकानं हुंकारी द्यायची असा रिवाज आहे. सांगणाऱ्याचं वाक्य संपलं की 'हूं', 'हो', 'मंग?' असं काहीतरी म्हणायचं. हुंकारी थांबली की गोष्टही थांबते. सांगणारा चिलीम झटकतो आणि 'झोपले वाटते सारे' म्हणत उठून जातो. काम सोपं वाटतं, पण ते कोणालाही जमत नाही. हुंकारी लवकर दिली तर सांगणाऱ्याचं वाक्य तुटतं, उशिरा दिली तर त्याला वाटतं आपण कंटाळा आणला. पाथरटोल्यात हे काम डोमाभाऊंचं होतं. दुसऱ्या गावचे गोष्ट सांगणारे आले तर आधी विचारत, 'डोमा हाय का घरी?' नसतील तर पान खाऊन परत जात.

एकदा जंगलाचा नाकेदार गावावर चिडून आला. कोणीतरी परवानगी न घेता बांबू तोडले होते. सगळं गाव घरात शिरलं आणि डोमाभाऊ एकटे त्याच्यासमोर बसले. त्यांनी ना कबूल केलं ना नाकारलं. फक्त हुंकारी देत राहिले, पण अशी की नाकेदार बांबूवरून साहेबावर घसरला, साहेबावरून आपल्या बदलीवर, बदलीवरून म्हाताऱ्या आईवर. शेवटी डोळे पुसून, चहा पिऊन निघून गेला. बांबू तिथंच कुडाला टेकून ठेवलेले होते.

मी पाथरटोल्यात शाळामास्तर म्हणून गेलो तेव्हा आमचा चांदा जिल्हा मध्य प्रदेशात होता. तिन्ही बाजूंना डोंगर, चौथ्या बाजूला नदी. पावसाळ्यात नदी भरली की गाव जगापासून तुटायचं आणि डोमाभाऊंचा डोंगा, खोड कोरून केलेली होडी, हाच काय तो रस्ता. जातीनं ते ढिवर, नदी आणि तलाव धरून जगणारे, शिवाय थोडी धानाची शेती. सरकारनं गावासाठी रेडिओ दिला तेव्हा तो सांभाळायचं काम कागदोपत्री माझं होतं. पण डोंगराच्या खोबणीत नागपूरचा आवाज सहजासहजी येईना. चावडीसमोरच्या मोहाच्या झाडावर चढून तार इकडून तिकडे बांधायला लागायची. मी एकदा चढलो आणि उतरवायला माणसं बोलवावी लागली. त्या दिवसापासून रेडिओ डोमाभाऊंकडे गेला.

बॅटरी विटेसारखी जड होती आणि संपली की दुसरी गडचिरोलीहून आणावी लागे. म्हणून रेडिओ लागायचा तो फक्त संध्याकाळी, गावकऱ्यांच्या कार्यक्रमापुरता. माणसं जमल्याशिवाय डोमाभाऊ बटणाला हात लावत नसत. 'मानूस तिकडून बोलून राह्यला अन् इकडे कोनी नाई, बरं दिसते काय?' मग स्वतः पुढे मांडी घालून बसत आणि हुंकारी सुरू होई. कार्यक्रमात एक 'आजोबा' असायचे, धीम्या आवाजात शेतीपासून सुनेपर्यंत सगळ्यावर सल्ला देणारे. आजोबा म्हणत, धान ओळीत लावा. डोमाभाऊ म्हणत, 'हो.' आजोबा म्हणत, विहिरीत औषध टाका. डोमाभाऊ म्हणत, 'बरं.' एकदा आजोबांचा आवाज बसला होता. डोमाभाऊंनी डब्याकडे वाकून सांगितलं, 'आज जास्त बोलू नोका, घसा धरला तुमचा.' मी हसलो तर मला म्हणाले, 'गुर्जी, त्यायले आयकू जात नाई, मले मालूम हाय. पन सांगनाऱ्याले उपाशी ठेवू नाई.'

हुंकारीची सगळ्यात जास्त टर उडवायची ती त्यांची मुलगी सगुणा. तेरा-चौदा वर्षांची, उंच, काटक, बापासारखीच बोलक्या डोळ्यांची. चावडीच्या दाराशी बसून ती बापाच्या आवाजात 'हूं, मंग?' करायची आणि गाव खिदळायचं. डोमाभाऊ मागे न बघता म्हणायचे, 'माही गादी तूच चालव पुढं.' तिच्यावर त्यांचा किती जीव होता ते वेगळं सांगायला नको, ते गावभर दिसत होतं.

मग ती खोकायला लागली. संध्याकाळी अंग तापायचं. पुजाऱ्याचा अंगारा झाला, झाडपाला झाला. शेवटी नागपूरच्या गिरणीत कामाला असलेला तिचा मामा आला आणि तिला घेऊन गेला. तिकडच्या क्षयाच्या दवाखान्यात ठेवून घेतलं. नाव ऐकूनच तिची आई बायजाबाई भिंतीला टेकून खाली बसली. डोमाभाऊ 'धान निघालं का जातो', 'नदी उतरली का जातो' म्हणत राहिले. त्यांनी आगगाडी पाहिलेली नव्हती, आणि मला वाटतं मुलीला तिथं पाहायची त्यांना भीती वाटत होती.

पावसाळ्यात मामाचा निरोप आला. दवाखान्यातल्या ज्या मुलींना आराम पडला आहे त्यांतल्या काहींना रेडिओवर नेणार आहेत, आपल्या सगुणाचं नाव त्यांत आहे, अमुक दिवशी संध्याकाळी ऐका. डोमाभाऊंनी त्या दिवसापर्यंत रेडिओ बंद ठेवला, बॅटरी वाचावी म्हणून. गावानं कुरकुर केली नाही. त्या संध्याकाळी चावडीत पाय ठेवायला जागा नव्हती. बायजाबाई पहिल्यांदाच चावडीत आली आणि पदर कपाळावर ओढून अगदी डब्यासमोर बसली. बाहेर पाऊस होता. आवाज डोंगराआड जात होता, परत येत होता. डोमाभाऊंनी मोहावर चढून तार बदलली आणि भिजलेल्या अंगानं येऊन बसले.

आजोबांनी एकेका मुलीला नाव विचारलं. तिसरी सगुणा. आवाज ओळखीचा, भाषा मात्र कोणीतरी लिहून दिलेली.

'माझे नाव सगुणा. मी पाथरटोला गावची आहे.'

'हो,' डोमाभाऊ म्हणाले.

'येथे आम्हाला रोज दूध आणि अंडी मिळतात.'

'हो माय.'

'येथील नर्सबाई आम्हाला फार माया लावतात. माझे वजन वाढले आहे.'

'हो? वा.'

मग ती थांबली. तिकडे कागद चुरगळल्याचा आवाज आला. आजोबा काहीतरी विचारायला लागले तेवढ्यात तीच बोलली, घाईघाईनं, आपल्या बोलीत.

'बाबा, मले इथी नाई राह्यचं. मले घिऊन जा.'

'हो,' डोमाभाऊ म्हणाले.

लगेच एक भजन सुरू झालं. तबकडी लावली असणार. ते भजन संपलं. मग बायजाबाईनं पदर सारखा केला आणि सगळ्यांदेखत नवऱ्याला म्हणाली, 'तुमी हो म्हटलं.'

'निंगालं तोंडातून.'

'निंगालं म्हंजे म्हटलंच ना. आना मंग पोरीले.'

बाहेरच्या माणसाला यात काही विशेष वाटणार नाही. पण त्या मुलखात चार माणसांसमोर दिलेली हुंकारी म्हणजे शब्द. सोयरिकी अशाच ठरतात. एक विचारतो, दुसरा हुंकारी देतो आणि बैठक उठते. इथं तर सगळं गाव ऐकत होतं. सगुणाला ते ऐकू गेलं नव्हतं एवढंच. माणसं उठून जाताना डोमाभाऊंकडे बघत होती, आणि डोमाभाऊ बंद झालेल्या डब्याकडे.

पोळ्याला जोडून शाळेला सुटी होती. मी त्यांच्यासोबत निघालो, कारण एकटे गेले असते तर नागपूरऐवजी भलतीकडेच उतरले असते. डोंग्यातून नदी, मग चिखलातून पायी, गडचिरोलीहून मोटार, चांद्याला आगगाडी. गाडीत ते बाकाची कड धरून बसले होते. कमरेला एक पुडकं बांधलेलं होतं. वाळवलेले झिंगे. मला वाटलं मुलीसाठी असतील. नागपूर स्टेशनवर उतरल्यावर म्हणाले, 'आधी रेडिओवाल्या आजोबाकडे जाऊ.'

'आधी सगुणाकडे नको का?'

'तिनं त्यायच्याजवळून सांगतलं ना मले. आधी त्यायले भेटाले पाह्यजे. वळखीचे हायेत.'

मग माझ्या लक्षात आलं की हा माणूस दवाखाना जितका लांबवता येईल तितका लांबवतो आहे. मीही हट्ट धरला नाही. रेडिओ केंद्राच्या दारावरच्या पहारेकऱ्यानं आम्हाला बराच वेळ उभं केलं आणि मग आतून एक जण बाहेर आला. पंचविशीचा पोरगा, पँट-बुशशर्ट, तेल लावून मागे वळवलेले केस. त्यानं तोंड उघडलं आणि आतून आजोबांचा आवाज निघाला. डोमाभाऊ दचकून माझ्या मागे सरले. मग पुढे होऊन त्याला नीट न्याहाळलं आणि म्हणाले, 'तुमी तं अजून पोरच हाय.'

पोरगा चांगला होता. हसला, आम्हाला झाडाखाली बसवलं, चहा मागवला. सगुणाचं नाव निघाल्यावर मात्र त्याचा चेहरा उतरला. म्हणाला, 'काका, ती एवढी गुणी मुलगी, सकाळपासून वाचून सराव करत होती. एकदम असं बोलेल असं कोणाला वाटलं नाही. नंतर रडली. मी तिला सांगितलं, तुझ्या वडिलांनी नक्की ऐकलं असेल.'

'आयकलं ना,' डोमाभाऊ म्हणाले. 'तुमाले माही हुंकारी नसन येत आयकू. मी रोज देतो.'

त्या पोराला हुंकारी म्हणजे काय ते मी समजावून सांगितलं. डोमाभाऊंनी झिंग्यांचं पुडकं त्याच्या हातात दिलं. उठताना एवढंच विचारलं, 'तिनं म्हटलं तवा मी हो म्हटलं, हे तिले सांगाची काही सोय हाय काय तुमच्याकडे?' पोरगा नाही म्हणाला, आणि नाही म्हणताना त्याला फार वाईट वाटलं.

दवाखान्यातल्या डॉक्टरांना वेळ नव्हता, पण जेवढा होता तेवढा त्यांनी दिला. सुया लागू पडत आहेत. आत्ता घरी नेली, त्या पावसात, त्या ओलीत, तर मुलगी हाती लागणार नाही. इथं वर्षभर ठेवली तर बरी होईल. 'बाप तुम्ही आहात. सही करा आणि घेऊन जा, मी अडवणार नाही. पण मी सांगितलं नाही असं नंतर म्हणू नका.'

ओसरीच्या टोकाला येऊन डोमाभाऊ माझ्याकडे वळले. 'गुर्जी, काय करू?'

मी म्हणालो, 'डॉक्टर म्हणतात ते करा. दुसरं काय करणार?'

'ते तं करीनच. पोरीले मारू काय? पन तिले काय सांगू?'

मी पुढे होऊन नर्सबाईला सगुणाची खाट विचारली.

सगुणा खाटेवर बसून होती. गालावर खरंच मांस आलं होतं, केस कापले होते. बापाला पाहून ती खाटेवरून उतरली आणि पायांत चप्पल शोधायला लागली. शेजारी तिचं गाठोडं बांधलेलं होतं. ते डोमाभाऊंनीही पाहिलं. ती म्हणाली, 'बाबा, रेडिओवर म्या म्हटलं ते आयकलं ना?'

डोमाभाऊंनी आयुष्यभर हुंकारी कधी चुकवली नव्हती. तिथं चुकली. बऱ्याच वेळानं म्हणाले, 'कवा माय?'

'दुधाचं सांगतलं मंग म्हटलं, ते.'

'त्या दिवशी डबा चाललाच नाई. बॅटरी उतरली होती. साऱ्या गावाले वाईट वाटलं.'

ती माझ्याकडे बघायला लागली. मी पलीकडच्या खाटेकडे बघितलं. मग तिनं विचारलं, 'मंग आले काऊन?'

'असंच. पोळा आला, तुले पाहाले.'

मला वाटलं, आता ती पुन्हा सांगेल. समोरच तर होता बाप. पण ती बोलली नाही. आख्ख्या मुलुखासमोर एकदा बोलली होती, तेवढंच तिच्यात होतं. पायानं गाठोडं हळूच खाटेखाली सरकवलं आणि आईची खुशाली विचारली.

परतीच्या गाडीत वरोरा गेल्यावर डोमाभाऊ बोलले. 'खरं सांगतलं असतं तं म्हनली असती, बापानं आयकलं तरी नेत नाई. आता तसं नाई म्हननार. बॅटरीवर राग काढन.' मग थोड्या वेळानं, 'बराबर केलं ना गुर्जी?' गावात आल्यावर ते घरोघर गेले आणि प्रत्येकाला हात जोडून सांगितलं की त्या संध्याकाळी डबा बंद होता. बायजाबाई महिनाभर नवऱ्याशी नीट बोलली नाही, पण डबा बंद होता असंच सांगायचं तिनंही मान्य केलं.

आणि डॉक्टरांचं म्हणणं खरं ठरलं. वर्ष उलटून गेल्यावर सगुणा बरी होऊन आली. अंगानं भरली होती, केस पुन्हा वाढले होते, बोलण्यात नागपूर आलं होतं. डोमाभाऊंनी तिला डोंग्यातून आणलं तेव्हा काठावर गाव जमलं होतं आणि ते सगळ्यांकडे असे बघत होते की जणू मुलगी आत्ताच जन्मली आहे. आठ-पंधरा दिवस घरात दिवाळी होती. चावडीत पुन्हा दारातून बापाची नक्कल ऐकू येत होती.

मग तिला कळलं. कोणी सांगितलं ते मला शेवटपर्यंत समजलं नाही, पण वाईट मनानं कोणी सांगितलं नव्हतं याची मला खात्री आहे. एखादीनं विहिरीवर कौतुकानंच सांगितलं असेल, तुह्या बापानं कसं झटकन हो म्हटलं होतं म्हणून. एवढी गोष्ट एवढ्या गावात एवढे दिवस दबली हेच नवल.

सगुणा बापाशी बोलायची थांबली. भांडली नाही, रडली नाही. भाकरी वाढायची, धोतर धुवायची, त्यांचं जाळं तुटलं तर बसून सांधायची. फक्त बोलायची नाही. काही सांगायचं झालं तर आईला सांगायची आणि आई त्यांना. डोमाभाऊ जेवताना नदीवरच्या गमती सांगायला बघत. अमका मासा कसा निसटला, डोंगा कसा अडकला. पलीकडून 'हूं' येत नसे. दोन-तीन वाक्यं बोलून ते पाण्याचा तांब्या तोंडाला लावत. मला ते बघवत नसे, म्हणून मी त्यांच्याकडे जेवायला जायचं टाळायला लागलो.

एकदा मीच तिला गाठलं. म्हटलं, डॉक्टरांनी असं असं सांगितलं होतं, मी तिथं होतो, बापाचा काही इलाज नव्हता.

'समजते गुर्जी. बाबानं नाई नेलं म्हनून मी जिती हाय. त्याचा राग नाई मले.'

'मग?'

'आयकलंच नाई म्हनाले ना. वर्षभर मी तिथी पडून समजत राह्यली का माहा आवाज कुठी पोचलाच नाई. आयकलं म्हनले असते, अन् नेलं नसतं, तं मी रडली असती अन् राह्यली असती.'

हे मी डोमाभाऊंना सांगितलं नाही. सांगून काय झालं असतं? त्यांनीच तिला वाचवलं होतं आणि त्यांचंच चुकलं होतं, आणि यातलं एक दुसऱ्यातून वेगळं काढता येत नव्हतं. ते रेडिओ लावत राहिले, पण लावून बाहेर पायरीवर जाऊन बसत. आजोबा बोलून बोलून गप्प होत. गोष्टी सांगणारे दुसऱ्या गावी बसू लागले. गावानं त्यांना 'भाऊ, आत या' असं पुष्कळदा म्हणून पाहिलं आणि मग म्हणणं सोडलं.

दवाखान्यातून आलेली म्हणून सगुणाची सोयरीक जमायला वेळ लागला. जमली ती नदीपलीकडच्या एका चांगल्या घरात. लग्न मार्गशीर्षात झालं. निघताना ती आईच्या गळ्यात पडली, माझ्या पाया पडली, बापाच्याही पाया पडली. डोमाभाऊंनी डोक्यावर हात ठेवला आणि काहीतरी पुटपुटले, पण वाजंत्री वाजत होती. त्यानंतर लवकरच माझी बदली झाली आणि पाथरटोला सुटला. पण डोमाभाऊ आठवले की मला ती चावडी दिसत नाही, लग्नानंतरची ती नदी दिसते.

नवरानवरीला पलीकडे न्यायला डोमाभाऊंचाच डोंगा होता. मुलीच्या बापानं कशाला, असं कोणीतरी म्हणालं, पण त्यांनी वल्हं सोडलं नाही. मला गडचिरोलीला जायचं होतं म्हणून मी त्याच फेरीत बसलो. नवरा पुढे, मग सगुणा, मग मी आणि शेवटी वल्हं घेऊन उभे डोमाभाऊ. तिची पाठ बापाकडे होती. पाणी निवळ आणि संथ होतं. नव्या बांगड्यांनी भरलेला एक हात तिनं डोंग्याबाहेर पाण्यात सोडला होता आणि ती पलीकडचा काठ बघत होती. मधल्या डोहाशी आलो तेव्हा डोमाभाऊ बोलले. वल्हवताना एखाद्या उतारूला सांगावं तशा साध्या आवाजात.

'हात आत घे माय. इथी पान्यात खोड हाय.'

सगुणानं मागे वळून पाहिलं नाही. पण हात आत घेतला, लुगड्याच्या पदराला पुसला आणि काठ येईपर्यंत मांडीवर तसाच ठेवला.